फाटकावरचं लाल फडकं

नरहरी वानखडेंच्या झोपेची त्या रस्त्यावर जेवढी दहशत होती, तेवढी मोठ्या साहेबाच्या जीपचीही नव्हती. जीप आली तर पोरं फार तर बाजूला सरकत. वानखडे झोपले आहेत म्हटलं की अख्खा रस्ता श्वास रोखून चाले.

माणूस तसा वाईट नव्हता. पोलाद कारखान्याच्या रेल मिलमध्ये फोरमन होता आणि नाईट शिफ्ट लागली की रात्रभर लालभडक रूळ डोळ्यांसमोरून सरकताना पाहून सकाळी घरी यायचा. मग दिवसा झोपायचं. आणि दिवसा झोपायचं म्हणजे कुठं, तर कारखान्याच्या वसाहतीत, सेक्टर चारमधल्या अशा रस्त्यावर, जिथं क्वार्टरं थोडी आणि पोरं उदंड. तेलुगू पोरं, बंगाली पोरं, केरळची, छत्तीसगढची, आपली वऱ्हाड-नागपूरकडची. खेळायचं सगळ्यांनी हिंदीत आणि भांडण रंगात आलं की ज्यानं त्यानं आपापल्या भाषेत. कुणाचा भोवरा फुटला की जो कल्ला व्हायचा तो वानखडेंच्या उशाशीच झाल्यासारखा ऐकू यायचा. मग वानखडे बनियनवरच बाहेर येत आणि पोरांच्या सात पिढ्यांचा उद्धार करत. पोरांच्या आया ऐकत असत, वानखडेंच्या बायकोला मेल्याहून मेल्यासारखं होई.

शेवटी त्या बायकोनंच, विजयाबाईंनी, तोड काढली. आपल्या जुन्या लाल परकराचं एक फडकं फाडलं आणि फाटकाच्या वरच्या दांडीला बांधलं. पोरांना जमवून प्रत्येकाच्या हातावर शेंगदाण्याचा लाडू ठेवला आणि सांगितलं, हे फडकं दिसलं म्हणजे अंकल झोपले आहेत. हे निघेपर्यंत आवाज नाही.

आता पोरांनी काय करावं? दुसऱ्या रस्त्यावर जाऊन खेळावं, हे शहाणपण मोठ्यांचं. पोरांनी खेळ इथंच ठेवला, फक्त त्यातला आवाज काढून टाकला. भोवरे फिरत, गोट्या मातीत टिपल्या जात, पिट्ठूच्या, म्हणजे लगोरीच्या, फरशा काचेच्या बशा रचाव्यात तशा एकावर एक ठेवल्या जात, आणि कुणी लबाडी केली तर हातवाऱ्यांनी असं कडाक्याचं भांडण होई की पाहणाऱ्याला हसू आवरू नये. लपाछपीला ती पोरं रेसटीप म्हणत. तीही मुक्यानं. दाम, म्हणजे राज्य, ज्याच्यावर तो विजेच्या खांबाला डोळे टेकवून मनात आकडे मोजी, लपलेला दिसला की नुसतं बोट दाखवी, आणि लपलेल्यानं मागून येऊन पाठीवर धप्पा दिला तर तोही अलगद. जो तोंडातून आवाज काढी त्याच्यावर पुढचा दाम.

दुपार कलली की वानखडे उठत, तोंड धुवून फाटकाशी येत आणि स्वतःच्या हातानं ते फडकं सोडत. त्या क्षणी रस्त्यावर जो आरडाओरडा उसळे त्याला तोड नव्हती. दिवसभर गिळलेला सगळा आवाज पोरं एकदम बाहेर काढत. वानखडे वरून कपाळाला आठ्या घालत, पण आतून त्यांना ते आवडायचं. हे त्यांनी कुणाला कबूल केलं नव्हतं, बायकोलाही नाही.

ब्याऐंशी सालची दिवाळी उलटली आणि विजयाबाईंच्या धाकट्या बहिणीची, शैलाची पोरगी दोन दिवसांसाठी त्यांच्याकडे आली. शैलाचा नवरा अरुणकुमार मालगाडीवर गार्ड. राहायला जवळच्याच दुर्ग शहरात, रेल्वे क्वार्टरमध्ये. साडूंची भेट झाली की त्यांचा ठरलेला विनोद असे, तुम्ही रूळ बनवा, आम्ही त्याच्यावरून जातो. पोरगी सात वर्षांची, नाव दुर्गा. लग्नानंतर पुष्कळ वर्षांनी झालेली एकुलती एक. घरामागूनच गाड्या धडधडत जात, म्हणून शैलानं तिला जन्मात कधी अंगणाबाहेर एकटं सोडलं नव्हतं. शाळेत पोचवायची, शाळेतून आणायची, आणि मधल्या सुट्टीत शाळेच्या कुंपणापाशी उभी राहून पाहूनही यायची. आता सासूच्या डोळ्याचं ऑपरेशन निघालं, अरुणकुमार लाइनवर, म्हणून तिचा नाइलाज झाला. तरी निघताना तिचा पाय उंबऱ्यातून निघेना. तेव्हा नरहरीच छाती पुढं काढून म्हणाले होते, "जाय तू बिनधास्त. पोरगी माह्या जिम्म्यावर."

हे वाक्य माणसं किती सहज बोलून जातात.

दुसऱ्या दिवशी सकाळी नाईट करून नरहरी घरी आले तेव्हा दुर्गा पायरीवर पाय हलवत बसली होती. आदल्या दिवशी तिनं रस्त्यावरची पोरं पाहिली होती आणि तिच्या डोळ्यांत तो रस्ता मावत नव्हता. चहा घेऊन नरहरींनी तिला फाटकाशी नेलं, तिच्या देखत फडकं बांधलं आणि बजावलं. हे जोवर इथं आहे तोवर तोंडातून चकार शब्द नाही. कुणी हाक मारली तरी ओ द्यायची नाही. हे सांगायचं कारण होतं. फडक्याआधीच्या दिवसांत पोरं रस्त्यावरून हाका मारत आणि घरातली पोरं आतून 'आलो, आलो' ओरडत, त्यानंच नरहरींची झोप सगळ्यात जास्त मोडे.

"आणि मंग?" दुर्गानं विचारलं.

"मंग मी सोतः फडकं काढीन. तवा गाव डोक्यावर घे."

पोरीनं मान डोलावली. गार्डाचीच पोरगी ती. लाल कापडाला मान द्यायचा असतो हे तिला कुणी शिकवायला नको होतं.

झोपेतून नरहरींना जाग आली ती विजयाबाई त्यांचा खांदा गदगदा हलवत होत्या म्हणून. पांघरूण फेकून ते ओरडणार, तोच त्यांनी बायकोचा चेहरा पाहिला. तो चेहरा पांढराफटक पडला होता.

"दुर्गा नाई सापडून राहिली," त्या म्हणाल्या.

पोरं रेसटीप खेळत होती. पहिल्या डावात दुर्गा हसू न आवरून सापडली होती, दुसऱ्या डावात शिंक आली म्हणून. पाहुणी म्हणून पोरांनी तिला दाम माफ केला होता, पण नाकावर बोट ठेवून चिडवलं होतं. तिसऱ्या डावात ती जी लपली ती लपलीच. सगळे सापडले, ही नाही. पोरांनी शोधलं, मग घाबरून विजयाबाईंना बोलावलं, विजयाबाईंनी शेजारच्या तुळसाबाईंना बोलावलं, आणि मग सगळ्यांनी मिळून मागची गल्ली, बागा, पेरूची झाडं, कोळशाच्या खोल्या धुंडाळल्या. आणि हे सगळं मुक्यानं. कारण फाटकावर फडकं होतं आणि आत अंकल झोपले होते.

"अन् मले आता उठवतेस?" नरहरी कसेबसे म्हणाले.

गेली कित्येक वर्षं या माणसानं झोपमोडीवरून घर डोक्यावर घेतलं होतं. त्याला उठवण्यापेक्षा पोरगी शोधणं सोपं वाटलं असेल बाईला, तर त्यात तिचा काय दोष?

नरहरी अनवाणीच बाहेर आले आणि रस्त्याच्या मधोमध उभं राहून त्यांनी हाक मारली. "दुर्गाऽऽ!" मिलमध्ये यंत्रांच्या घरघरीवरून ओरडायची सवय असलेला गळा तो. क्वार्टरांच्या ओळी दणाणल्या. दारं उघडली, माणसं बाहेर आली. त्या रस्त्यावर वानखडे अंकलनं पोरांना गप्प करण्यासाठी ओरडणं नवीन नव्हतं, पोराला बोलतं करण्यासाठी ओरडताना कुणी ऐकलं नव्हतं.

मग सगळेच हाका मारू लागले. कुणी दुर्गा म्हणे, कुणी दुरगा, कुणी बेबी. नरहरी सायकल काढून मेन रोडपर्यंत गेले. पोरगी आईच्या ओढीनं दुर्गच्या वाटेला लागली असेल का? टेम्पोवाल्यांना विचारलं, पानठेल्यावर विचारलं, शाळेचं मैदान पाहिलं. सेक्टरामागच्या नाल्यापाशी सायकल टाकून काठाकाठानं चालत गेले. पाण्यात काहीतरी रंगीत दिसलं. कुणाची तरी फाटकी ओढणी होती. ते तिथंच खाली बसले आणि मग स्वतःवरच चिडून उठले.

परत आले तेव्हा तुळसाबाई विजयाबाईंना धीर देण्याच्या नावाखाली पोरं पळवणाऱ्या टोळीची हकीकत सांगत होत्या. ती टोळी म्हणे वैशाली नगरकडं पाहिली होती कुणीतरी. अशा वेळी असं बोलणारं एक माणूस प्रत्येक रस्त्यावर असतंच, आणि ते नेमकं आपल्या शेजारीच राहतं. विजयाबाई पदरात तोंड खुपसून रडत होत्या.

उन्हं उतरली होती. शैलाचा टेम्पो आता कधीही आला असता. संध्याकाळी येते, असं ती म्हणाली होती, आणि शैला वेळेच्या आधी येणारी बाई होती. नरहरींना डोळ्यांसमोर दिसायला लागलं. ती फाटक उघडणार, पोरीसाठी आणलेलं काहीतरी पिशवीतून काढणार आणि विचारणार, दुर्गा कुठं आहे? आणि आपण काय सांगणार? पोरगी माह्या जिम्म्यावर, असं आपणच म्हटलं होतं. त्या जबाबदारीच्या वेळी आपण झोपलो होतो, आणि साऱ्या रस्त्यालाही गप्प बसवून झोपलो होतो.

फाटकासमोर पोरं घोळका करून उभी होती. त्यांचा म्होरक्या बाबुलाल, एरवी कुणाला न जुमानणारा, नाक पुसत होता. दाम त्याच्यावर होता. नरहरींनी त्याला जवळ घेतलं आणि पुन्हा एकदा विचारलं, खेळ मोडला तेव्हा तुम्ही तिला बोलावलं का?

"बुलाया ना अंकल," बाबुलाल म्हणाला. "हाथ हिला-हिला के बुलाया. चारों तरफ."

"आवाज दिया?"

बाबुलालनं भीतभीत फाटकाकडं पाहिलं आणि नकारार्थी मान हलवली. "कपड़ा लगा था ना."

नरहरींनीही तिकडं पाहिलं. फडकं अजून तिथंच होतं. रोज या वेळेआधी ते निघालेलं असायचं, पण आज कुणाला त्याची आठवण होणार? वाऱ्यानं जरासं हलत होतं. पोरगी कुठंतरी वाट चुकून रडत असताना सगळा रस्ता हातवारे करत हिंडत होता, या चिंधीपायी. नाही, चिंधीपायी कशाला म्हणायचं, आपल्यापायी. त्या माणसाला आयुष्यात इतकी लाज कधी वाटली नव्हती. ते फाटकापाशी गेले. गाठ सुटेना. शेवटी त्यांनी फडकं हिसडा मारून ओढलं. ते टर्रकन फाटलं. त्यांनी ते पायाशी टाकलं आणि फाटकाची दांडी दोन्ही हातांनी धरून, मान खाली घालून उभे राहिले.

मागं कुठंतरी पत्रा वाजला. काहीतरी धपकन जमिनीवर पडलं. पोरांमधून एक विचित्र आवाज निघाला, पण नरहरींना मान वर करण्याचं त्राण नव्हतं. मग पावलं धावत आली आणि त्यांच्या पाठीवर, कमरेच्या जरा वर, दोन चिमुकल्या तळव्यांचा सणसणीत फटका बसला.

"धप्पाऽऽ!"

तो आवाज त्या रस्त्यानं ऐकलेल्या सगळ्या आवाजांत मोठा होता. दिवसभराचा होता ना.

नरहरी वळले. समोर दुर्गा. केसांत खसगवताच्या वाळक्या काड्या, गालावर गंजाचे डाग, फ्रॉक मळून मातेरं झालेला, आणि चेहऱ्यावर जिंकल्याचा आनंद असा की काही विचारू नका. समोरच्या क्वार्टरमधले नायर सुट्टीवर गावी गेले होते. त्यांच्या खिडकीला लोखंडी स्टँडवर कूलर होता. थंडीमुळं आतला पंखा आणि मोटर काढून ठेवलेली, नुसतं पत्र्याचं खोकं आणि त्याला लावलेल्या गवताच्या जाळ्या. त्यातली एक जाळी आता खाली पडली होती. नरहरी मघाशी तिथूनच गेले होते, त्या कूलरवर हात टेकून दम खाल्ला होता त्यांनी.

त्यांना तिला मारावंसं वाटलं आणि उचलून घ्यावंसं वाटलं. हातांनी दुसरंच केलं. तिला छातीशी धरून ते मटकन फाटकातच बसले. विजयाबाई धावत आल्या आणि त्या दोघांवर कोसळल्या. तुळसाबाईंनी देवाला नारळ बोलला, त्यांची टोळी कुठल्या कुठं गेली. नरहरींचा जीव इतक्या जोरात भांड्यात पडला की त्यांना हसू यायला लागलं, आणि हसता हसता डोळ्यांतून पाणी यायला लागलं. ते त्यांनी पुसलंही नाही, सगळ्या रस्त्यासमोर वाहू दिलं.

"पोरी, इतक्या हाका मारल्या," ते म्हणाले. "ओ कावून नाई देल्ली?"

दुर्गाला हा प्रश्नच कळला नाही. "तुमीच तं सांगतलं होतं मावसाजी. कोनी बी हाक मारली तरी ओ नाई द्यायची. तुमी फडकं काढेपर्यंत."

"पन मी सोतः हाक मारून राहिलो होतो ना!"

"पन फडकं होतं," ती म्हणाली. मग विजयाबाईंच्या ओल्या पदराला हात लावत ती हळूच म्हणाली, "मावशी रडून राहिली होती ते मले ऐकू येत होतं. मी बी आत रडली. पन आवाज नाई केला."

खोक्याच्या अंधारात, गवताच्या फटीतून त्या लाल फडक्यावर डोळे लावून, हुंदका गिळत बसलेली ती पोर त्यांना दिसली. आणि ते कशासाठी, तर मावसाजीचा शब्द मोडू नये म्हणून. झोपेसाठी आपण एवढे आवाज गिळायला लावले पोरांना, आणि एकानंही कधी तक्रार केली नाही. त्यांनी तिच्या केसांतली एकेक काडी काढली. ती काढता काढताच ठरवलं, की आपल्या नाईटला आता कापसाचे बोळे कानात जातील, फडकं फाटकावर जाणार नाही.

इतक्यात बाबुलालनं घसा साफ केला. संकट टळलं होतं आणि त्याच्यातला म्होरक्या जागा झाला होता. त्यानं मुद्दा मांडला, की दुर्गा शेवटपर्यंत सापडली नाही, उलट तिनं धप्पा दिला. आणि धप्पा दिला तो अंकलला. अंकल तिला शोधत होते हे सगळ्यांनी पाहिलं आहे. तेव्हा नियमानं बघायला गेलं तर...

"तो?" नरहरींनी विचारलं.

"तो दाम आप का, अंकल."

पोरांनी श्वास रोखला. वानखडे अंकलना असं बोलायची छाती त्या रस्त्यावर कुणाची झाली नव्हती. विजयाबाईही रडायच्या थांबून पाहायला लागल्या. नरहरींनी बाबुलालकडं पाहिलं, मग दुर्गाकडं. ती त्यांचं बोट धरून आशेनं वर पाहत होती. ते उठले, धोतर सावरलं, अनवाणी चालत विजेच्या खांबापाशी गेले आणि दोन्ही हातांनी डोळे झाकून खांबाला डोकं टेकलं.

"ओरडून लपा बरं," ते म्हणाले. "गुपचूप नाई चालनार."

आणि मोठ्यानं आकडे म्हणू लागले. रस्त्यावर जो धिंगाणा सुरू झाला तो काही विचारू नका. पोरं किंचाळत पळत होती, दुर्गाचा आवाज सगळ्यांत वर, आणि खांबाला टेकलेल्या माणसाला तो कानांत नुसता साठवून ठेवावासा वाटत होता.

अशा वेळी टेम्पो थांबल्याचा आवाज आला. पावलं जवळ येऊन घुटमळली.

"भाऊजी?" शैलाच्या आवाजात आश्चर्य होतं. हातात पिशवी घेऊन ती उभी असणार, हे त्यांना न बघताही कळलं. "काय करून राहिले?"

"दाम देऊन राहिलो," नरहरी डोळे न उघडता म्हणाले.

"अन् दुर्गा कुठं आहे?"

तोच प्रश्न. ज्याच्या धास्तीनं ते दुपारपासून वेड्यासारखे फिरले होते, तो प्रश्न शब्दाशब्दानं तसाच समोर आला होता. मधे काय घडलं ते ते तिला सांगणार होते. सगळं सांगणार होते, चहा पिताना, पोरीला तिच्या मांडीवर बसवून. पण आधी डाव पुरा व्हायला हवा होता. कूलरच्या बाजूनं पत्रा किंचित वाजला आणि कुणीतरी खुदकन हसलं.

"लपली आहे," नरहरी म्हणाले. "थांब, सापडतेच आता."